फखरुद्दीनशेठचा विलायती माग

पेटारा उघडला तेव्हा फखरुद्दीनशेठच्या कारखान्यात अकरा माणसं उभी होती. त्यांतली दहा गप्प होती. अकरावा दामू पांचाळ होता.

"माग हाय," दामू म्हणाला.

भिवंडीच्या नारपोलीत दामू पांचाळाने एखाद्या लाकडी वस्तूला माग म्हटलं की ती माग असे. वीस वर्षं तो यंत्रमागांचं लाकूडकाम करत होता. रस्त्यातून जाताजाता नुसत्या खडखडाटावरून कुणाच्या मागाची कुठली फळी सैल झाली आहे ते तो सांगे, आणि ते खरं निघे. त्यामुळे आपल्याला एखादी गोष्ट ठाऊक नाही, असं म्हणायची त्याला सवयच राहिली नव्हती.

मुंबईच्या बंदरात बेवारस पडलेल्या मालाचा लिलाव होता. फखरुद्दीनशेठ गेले होते सुताच्या कांड्या भरायचं यंत्र घ्यायला, आणि त्या यंत्राबरोबर हा पेटाराही गळ्यात पडला होता. त्यावर नुसतं 'तारांचं लाकडी यंत्र, विलायती, जुनं' असं लिहिलेलं होतं. आतून निघाली एक लांबलचक पेटी, एका टोकाला रुंद, दुसऱ्या टोकाला निमुळती. झाकणावर रंगवलेली फुलं, तीही अर्धी उडालेली. आत बारीक तारांच्या रांगा, बहुतेक तुटून गुंडाळल्या गेलेल्या. त्यांच्यामधून वर डोकावणाऱ्या लाकडाच्या पातळ दांड्या, आणि पुढच्या बाजूला काळ्या-पांढऱ्या पट्ट्या.

शेठच्या बेगम जोहराभाबी घराच्या दारातून बघत होत्या. त्या म्हणाल्या, "मला तर हे वाजवायच्या पेटीसारखं दिसतंय."

दामू हसला. "भाबी, पेटीला भाता असतो. ह्याचा भाता दाखवा."

भाबींनी पुढे होऊन वाकून पाहिलं. भाता नव्हता.

"न्हाय ना? मग संपलं. आता हे बघा. ह्या तारा म्हंजे ताणा, उभे धागे. आणि ही पट्टी दाबली..." दामूने पट्टी दाबली. मागची एक दांडी टुणकन वर उडाली आणि खाली बसली. "डॉबी! आपल्याकडं डिझाइन पाडायला मागावर डॉबी बसवतात ना, तीच. विलायतेत ती बोटांनी चालवतात. झाकणावर फुलं काढलीत ती उगाच न्हाय. हेच डिझाइन निघतं ह्याच्यातून."

जॉबर लडकू मागांची दुरुस्ती करणारा माणूस. त्याला एक शंका आली. "पण आडवा धागा कुठून जायचा?"

"धोटा हरवलाय," दामू म्हणाला. "तो मी बनवतो."

फखरुद्दीनशेठ कायद्याला भिणारे गृहस्थ होते. सगळ्या गल्लीत आपल्या प्रत्येक मागाचा परवाना काचेत मढवून भिंतीवर लावणारे ते एकटेच. नवा माग आला म्हटल्यावर ते दुसऱ्याच दिवशी मागपरवाना कचेरीत गेले आणि अर्ज देऊन आले. 'एक विलायती माग, बोटांनी चालणारा.' जाणकार म्हणून खाली दामू पांचाळाची सही.

दामूने आठ दिवस खपून धोटा बनवला. तो कुठूनच आत जाईना. दामूने तो तासून बारीक केला, मग आणखी बारीक केला. शेवटी तो पेन्सिलीएवढा झाला. दामू तो तारांखालून सरकवत असतानाच कारखान्याच्या दारातून एक किंकाळी आली.

किंकाळी डिमेलो नावाच्या म्हाताऱ्या गृहस्थांची होती. कल्याणच्या रेल्वे क्लबातला पियानो सुरात लावायला ते महिन्यातून एकदा येत, आणि आज जाताजाता चादरीचं कापड घ्यायला शेठकडे वळले होते.

"थांब! अरे बाबा, काय करतोस?"

"माग चालू करतोय."

डिमेलोंनी डोक्यावरची हॅट काढली आणि जवळच्या सुताच्या गठ्ठ्यावर बसकण मारली. "हा माग नाय. हा हार्पसिकॉर्ड हाय. वाजवायचा. पियानोचा आजा!"

दामूने जरा विचार केला. "पियानोला भाता असतो?"

"नाय."

दामूने धोटा तारांखालून बाहेर काढला. जोहराभाबींनी आतून चहा पाठवला. डिमेलोंच्या बशीत दोन बिस्किटं होती. दामूच्या बशीत नुसताच कप होता.

फखरुद्दीनशेठ तसेच उठून कचेरीत गेले. खिडकीतल्या कारकुनाला म्हणाले, "साहेब, आमचा अर्ज परत द्या. चूक झाली. तो माग नाही."

"अर्ज परत मिळत नाही. मंजूर होतो किंवा नामंजूर होतो."

"मग नामंजूर करा."

"कारण?"

"तो माग नाहीच म्हणून."

"म्हणजे खोटी माहिती दिलीत," कारकून समाधानाने म्हणाला. "खोटी माहिती दिली की असलेल्या सगळ्या मागांना सील."

फखरुद्दीनशेठचे चोवीस माग होते. त्यांच्यावर दोन शिफ्टमध्ये पन्नासेक माणसं पोट भरत होती. "साहेब, खोटं नाही हो. तो हार्पसिकॉर्ड आहे."

"कार्डाचं काम इथे होत नाही. रेशनिंगची कचेरी मागच्या गल्लीत."

शेवटी ते टिपणीस साहेबांपुढे उभे राहिले. टिपणीस साहेब मागांचे तपासनीस. बारीक अंगाचे, शांत, आणि आयुष्यात आवाज न चढवलेले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"सहा आठवड्यांनी मी तपासणीला येईन. वाद्य असेल तर ते माझ्यासमोर वाजलं पाहिजे."

"साहेब, ते मोडलेलं आहे."

"मग अडचण आहे. न वाजणारं वाद्य आणि न चालणारा माग, यांत आमच्या खात्याला फरक करता येत नाही."

फखरुद्दीनशेठ परत आले ते थेट दामूच्या दुकानात.

"दामू, तू म्हणालास माग."

"म्हणालो."

"आता वाजव."

एवढंच बोलून ते निघून गेले. ते ओरडले असते तर दामूला बरं वाटलं असतं.

डिमेलो दर रविवारी यायला कबूल झाले. त्यांनाही असलं वाद्य उभ्या जन्मात दोनदाच बघायला मिळालं होतं. पहिल्या रविवारी त्यांनी ते सगळं खोलून दाखवलं. पट्टी दाबली की मागची दांडी वर जाते. दांडीच्या कडेला पिसाच्या देठाची बारीक काडी बसवलेली असते. ती वर जाताना तार छेडते. खाली येताना मात्र तिने तारेला न छेडता मागे सरकून बसायचं. सगळी गंमत त्या मागे सरकण्यात होती.

"म्हंजे ह्या पेटीत एकसष्ट सतारवाले बसलेत," दामू म्हणाला, "आणि प्रत्येकाला एकच सूर येतो."

"करेक्ट," डिमेलो म्हणाले. त्यांना हा माणूस एकदम आवडला.

चिरलेली फळी दामूने सरसाने सांधली. मोडक्या दांड्यांच्या जागी शिवणीच्या हलक्या लाकडाच्या नव्या दांड्या केल्या. तारा मिरजेहून सतारीच्या मागवल्या. काडीला मागे सरकवून परत जागेवर आणायला एक ताठ केस लागतो. विलायतेत तो ज्या जनावराचा वापरतात त्याचं नाव डिमेलोंनी शेठच्या कारखान्यात घ्यायचं टाळलं, नुसतं घसा खाकरून 'आपण दुसरं काहीतरी बघू' म्हणाले. दामूने दात घासायचे ब्रश आणून त्यांचे केस उपटले. ते नायलॉनचे होते आणि विलायती केसांपेक्षा बरे निघाले.

प्रश्न उरला पिसांचा.

"कावळ्याचं पीस बेस्ट," डिमेलो म्हणाले.

दुसऱ्या दिवसापासून नारपोलीचा नावाजलेला सुतार मासळीबाजाराच्या मागे, उकिरड्यापाशी, पिशवी घेऊन वाकून फिरू लागला. प्रत्येक पट्टीमागे दोन दांड्या, म्हणून दोन रांगांना मिळून सव्वाशेच्या आसपास काड्या हव्या होत्या, आणि दहा पिसांतून जेमतेम एक कामाची निघे. चौथ्या दिवशी त्याची बायको ठमाबाई नळावरून रिकामी कळशी घेऊनच परत आली.

"बाया माज्याशी बोलत न्हाईत," ती म्हणाली. "त्या विचारतात, तुझा नवरा कावळ्यांचं काय करतो? काय सांगू मी?"

"सांग, बाजा करतो."

"ते सांगितलं. म्हणूनच बोलत न्हाईत."

त्याच आठवड्यात शेजारच्या अब्दुलशेठच्या मागाची मोटर जळली. मोटर जुनी होती आणि ती जळणार हे दामूने चार महिन्यांपूर्वीच सांगून ठेवलं होतं. पण आता त्या सांगण्याला वेगळाच अर्थ आला. अब्दुलशेठ चार माणसं घेऊन फखरुद्दीनशेठच्या कारखान्यात शिरले.

"दामू, माझ्या मोटरीवर काय केलंस?"

"शेठ, ही पिसं करणीची न्हाईत. ही तार छेडायला लागतात. थांबा, तुमाला दाखवतोच."

एक पट्टी तेव्हा पुरी तयार झाली होती. दामूने ती दाबली. सगळे कान देऊन उभे राहिले. आजूबाजूला शेठचे चोवीस माग, पलीकडे अब्दुलशेठचे अठरा, आणि त्यापलीकडे सगळी नारपोली खडखडत होती.

"काय झालं?" अब्दुलशेठनी विचारलं.

"वाजलं."

"कुठे?"

"इथं. आता."

अब्दुलशेठ दोन पावलं मागे सरले. "बघा रे! वाजलं म्हणतो, नि आवाज नाही!" ते आपल्या माणसांना म्हणाले. "मी म्हटलं नव्हतं?"

हे फखरुद्दीनशेठच्या आणि दामूच्याही डोक्यात आलं नव्हतं. हार्पसिकॉर्डचा आवाज मुळात बेताचा. विलायतेत तो दिवाणखान्यात गालिच्यावर बसून ऐकतात. टिपणीस साहेबांना तो नारपोलीत ऐकवायचा होता.

दामूला स्वतःलाही तो ऐकू येत नव्हता. वीस वर्षांच्या खडखडाटाने त्याचे कान निम्मे गेले होते. डिमेलोंनी त्याला युक्ती शिकवली. कान लाकडाला चिकटवायचा आणि मग तार लावायची. दामूने तसं केलं, डिमेलोंनी पट्टी दाबली, आणि दामू बराच वेळ तसाच वाकून राहिला.

"ऐकू येतं?" डिमेलोंनी विचारलं.

"लाकूड बोलतं," दामू म्हणाला. हयातभर लाकूड तासूनही हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. त्या दिवसापासून खुंट्या पिळून तारा लावायचं काम तो डिमेलोंनाही करू देईना.

तपासणीचा दिवस ठरला, गुरुवार, दुपारी तीन. फखरुद्दीनशेठ गल्लीतल्या प्रत्येक मालकाकडे गेले. "पाव तास माग बंद ठेवा, मेहरबानी करा." मालकांना ही मागणी समजेचना. संपासाठी माग बंद ठेवणं त्यांना माहीत होतं, वीज गेली म्हणून माहीत होतं. ऐकण्यासाठी बंद? शेवटी अब्दुलशेठनी सगळ्यांच्या वतीने होकार दिला. अट एकच. तपासणीच्या वेळी ते स्वतः पुढे बसणार, म्हणजे करणी वगैरे असेल तर डोळ्यांसमोर होईल.

वाजवायचं काम डिमेलोंचं होतं. गुरुवारी दुपारी एक वाजता निरोप आला की डिमेलोंना ताप भरला आहे.

"आपल्या दापोड्याचा रामू," जॉबर लडकू ओरडला, "भजनात पेटी वाजवतो!" आणि तो सायकल घेऊन सुटला. पावणेतीनला लडकूच्या कॅरियरवरून रामू उतरला. शेतातून थेट आला होता. पाय चिखलाचे, डोक्याला टॉवेल. त्याने हार्पसिकॉर्डकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला. पट्ट्या उलट्या होत्या. मोठ्या काळ्या, छोट्या पांढऱ्या.

"ही पेटी उलटी हाय! मना सुलटी पेटी येते. उलटी न्हाय येत."

"डोळे मिटून वाजव," दामू म्हणाला. "रंग कोन बघतंय?"

तीन वाजता टिपणीस साहेब फाईल घेऊन आले. अब्दुलशेठ पुढच्या खुर्चीवर बसले. लडकूने बाहेर जाऊन हात केला आणि एकेक करून माग थांबले.

नारपोलीत तसली शांतता कुणी ऐकली नव्हती. बायका घाबरून दारात आल्या. कुठेतरी एक तान्हं मूल दचकून उठलं आणि भोकाड पसरून रडू लागलं, कारण जन्मल्यापासून ते मागांच्या आवाजातच झोपलं होतं. वरच्या पत्र्यावरचा कावळा चालत गेला तोही ऐकू आला.

रामूने डोळे मिटले आणि उजव्या हाताने एक भजन सुरू केलं. पट्ट्यांखालून बारीक, चकचकीत, चांदीच्या घुंगरांसारखे सूर निघू लागले. अब्दुलशेठचं तोंड उघडं राहिलं. सगळं उत्तम चाललं होतं. पण पंधरा वर्षांच्या सवयीने रामूचा डावा हात भाता शोधत निघाला. पेटीच्या मागे गेला, बाजूला गेला, आणि एका लाकडी मुठीवर जाऊन थांबला. ती मूठ तारांची अख्खी एक रांग बंद करायची होती. रामूने ती भात्यासारखी मागेपुढे करायला सुरुवात केली. भजन अर्धं ऐकू येई, मग पुरं, मग पुन्हा अर्धं.

दामू पुढे झाला. त्याने मूठ जागेवर सरकवली, रामूचा डावा हात आपल्या दोन्ही हातांत घट्ट धरला, आणि भजन संपेपर्यंत तसाच शेजारी बसून राहिला. लांबून बघणाऱ्याला रामू फार आजारी आहे असं वाटलं असतं.

भजन संपलं. टिपणीस साहेबांनी चष्मा काढून पुसला. "आणखी एक वाजवा," ते हळूच म्हणाले.

दुसरंही झालं. पाव तासाचा अर्धा तास झाला आणि एकाही मालकाने तक्रार केली नाही. फखरुद्दीनशेठनी हात जोडले. "साहेब, आता तरी पटलं ना? माग नाही हा."

"अजिबात नाही. अत्यंत सुंदर वाद्य आहे," टिपणीस साहेब म्हणाले आणि त्यांनी फाईलमधून छापील फॉर्म काढला. फॉर्मवर दोन रकाने होते. 'माग चालू आहे' आणि 'माग बंद आहे'.

"साहेब, 'माग नाही' असा रकाना?"

"तो छापायचा तर खात्याला कायदा बदलून घ्यावा लागेल." त्यांनी हार्पसिकॉर्डकडे मायेने पाहिलं. "याला बंद आहे असं तर माझ्या हातून लिहवणार नाही." त्यांनी 'चालू' वर खूण केली आणि खाली शेरा मारला: 'आवाज अत्यंत कमी. कान प्रसन्न होतो.'

फखरुद्दीनशेठचे चोवीस माग वाचले. जोहराभाबींनी त्या दिवशी दामूच्या बशीत चार बिस्किटं ठेवली.

महिन्याने वरच्या कचेरीतून लखोटा आला. शेठनी तो तीनदा वाचला आणि मग दामूला बोलावून चौथ्यांदा मोठ्याने वाचला. तपासनिसांचा अहवाल पाहून खातं संतुष्ट झालं होतं. कमी आवाजाचा आधुनिक माग बसवल्याबद्दल फखरुद्दीनशेठचं अभिनंदन करण्यात येत होतं. प्रोत्साहन म्हणून त्यांना दरमहा दुप्पट सुताचा कोटा मंजूर झाला होता. अट एवढीच, की सदर माग रोज किमान अर्धा तास तयार कारागिराकडून चालवण्यात यावा.

त्या वर्षी सूत मिळणं दुरापास्त झालं होतं. निम्मी भिवंडी सुतावाचून हात चोळत बसली होती. तरी फखरुद्दीनशेठ कोटा परत करायला कचेरीत गेले. खिडकीतला तोच कारकून म्हणाला, "कोटा परत म्हणजे माग बंद. चालू असलेला माग बंद केलात तर..."

"कळलं, कळलं," शेठ म्हणाले आणि परत आले.

रामूचं नाव हजेरीपटावर चढलं: कारागीर, विलायती माग, संध्याकाळची ड्युटी. आठवड्यातून दोनदा टिपणीस साहेब तपासणीला येत. इतकी कसून तपासणी त्यांनी आजवर कुठल्याच मागाची केली नव्हती. येताना ते पत्नीलाही आणू लागले.

एका सकाळी दामूच्या दुकानापुढे सहा मालक उभे राहिले. सगळ्यांत पुढे अब्दुलशेठ.

"दामू, मला एक सायलेंट लूम बनवून दे."

"सगळ्यांनाच पायजे," मागून आवाज आला.

"वाजायची गरज नाही," अब्दुलशेठ आवाज खाली आणून म्हणाले. "फक्त पेटी कर. वर फुलं काढ. आत काही नसलं तरी चालेल."

दामूने कानावरची पेन्सिल काढली होती, ती परत कानावर ठेवली. "न वाजणारी मी बनवत न्हाय."

मालकांनी एकमेकांकडे पाहिलं. सुताराला काहीतरी जास्त हवं असणार असं धरून ते बरंच काही देऊ करत गेले. दामू रंधा मारत राहिला.

"अरे, पण वाजली तरी ऐकणार कोण?" अब्दुलशेठ वैतागून म्हणाले. "आमच्या मागांपुढे तिचा आवाज येतो का?"

"म्हणून तर. अर्धा तास समदे माग बंद ठेवायचे. कबूल असंल तर माप घ्यायला येतो."

सहा मालक कोपऱ्यात गेले. दुप्पट सूत एका बाजूला आणि अर्ध्या तासाचं कापड दुसऱ्या बाजूला ठेवून त्यांनी बराच काथ्याकूट केला. मग अब्दुलशेठ परत आले. "कबूल. पण माझ्या झाकणावर फुलं जास्त काढ."

दीड वर्षात दामूने आपल्या हाताने सहा हार्पसिकॉर्ड बनवले. डिमेलो प्रत्येकाला कान लावून पास करत, आणि दोनदा त्यांनी दामूला अख्खी फळी बदलायला लावली. दापोड्याच्या भजनी मंडळातले सहा जण नारपोलीत नोकरीला लागले. रोज संध्याकाळी सहाच्या ठोक्याला सात कारखाने बंद पडत. कामगार बाहेर ओट्यांवर चहा घेऊन बसत, ठमाबाई दाराशी तांदूळ निवडत बसे, आणि गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत भजनं झुळझुळत राहत.

अशाच एका संध्याकाळी उत्तरेकडून नव्याने आलेला एक विणकर पहिल्याच दिवशी शिफ्टवर उभा होता. एकाएकी सगळे माग थांबले. तो गोंधळून बाहेर आला. बिडी ओढत बसलेल्या लडकूला त्याने विचारलं, "क्यों भाई, सब लूम बंद क्यों हो गए? और ये बज क्या रहा है?"

लडकूने त्याच्यासाठी ओट्यावर जागा केली.

"बज नहीं रहा," तो म्हणाला. "लूम चल रहा है."